मुळशीच्या पाण्यात शिडाची होडी

मुळशी धरणात शिडाची होडी कशी हवी, असं बरेच जण विचारतात. पहिलं म्हणजे खोल, पक्की कील नको. इथलं पाणी भिऱ्याच्या वीजघरासाठी कोकणात उतरतं, उन्हाळ्यात काठ पार खाली सरकतो. तशी होडी चिखलातच बसायची. त्याऐवजी वर ओढता येणारी फळी, उचलता येणारं सुकाणू, आडवी होणारी डोलकाठी, दोघं झोपतील एवढी केबिन. (उभं राहायची उंची विसरा, वजन वाढतं.) फळी वर घेतली की होडी थेट ट्रेलरवर. धक्का नको, फक्त पाण्यापर्यंत मोकळा उतार हवा. घोडं तिथंच अडतं! ज्या जमिनींसाठी १९२१ साली मावळ्यांनी सेनापती बापटांसोबत सत्याग्रह केला, त्या पाण्याखाली गेल्या. उरलेल्या काठावर मला जागोजागी कुंपणं दिसतात. ग्रामपंचायतींनी निदान एक सार्वजनिक उतार मागावा. गुरं पाण्यावर न्यायलाही तोच कामी येईल.