स्तंभावर नसलेली नावं

पालघर जिल्ह्याचं मुख्यालय आता कोळगावला आहे. जमिनीचे, जन्माचे, जातीचे, सगळे कागद इथवर येऊन पोचतात. जवळच, पालघर शहरात, पाच हुतात्म्यांचा स्तंभ उभा आहे. १४ ऑगस्ट १९४२ रोजी ‘चले जाव’ चळवळीत कचेरीवर निघालेल्या मोर्चावर गोळीबार झाला आणि सातपाटीचे काशीनाथ हरी पागधरे, नांदगावचे गोविंद गणेश ठाकूर, पालघरचे रामप्रसाद तिवारी, मुरब्याचे रामचंद्र महादेव चुरी, सालवडचे सुकुर गोविंद मोरे गेले. पालघर दरवर्षी हा दिवस पाळतं, याचा मला फार अभिमान आहे.

माझं मन मात्र घुटमळतं ते त्या दिवशी घरी परतलेल्यांपाशी. श्रावण नुकताच लागला होता. नारळी पौर्णिमा व्हायची होती, त्यामुळे होड्या किनाऱ्यावरच असणार. चिखल तुडवत गेलेली ती माणसं परतली कशी? मुरब्याच्या पोरांना रात्री खाडीपार कुणी उतरवलं? पोलीस येतील म्हणून कोण कुणाच्या माळ्यावर निजलं? चुरींच्या घरी बातमी सांगायला कोण धजावलं? पुढे स्वातंत्र्यसैनिकांसाठी पेन्शन आली, तिला तुरुंगवासाचा किंवा भूमिगत राहिल्याचा पुरावा लागे. मोर्चाला भाकरी बांधून देणाऱ्या बाईने तो कुठून आणावा?

तेव्हा अठरा वर्षांचा असलेला पोरगा आज शंभरी ओलांडलेला असेल. त्या पिढीच्या लेकीसुनाच आता थकल्या आहेत. ओटीवर पुन्हापुन्हा ऐकलेली गोष्ट आज त्यांच्यापाशी आहे, आणि ती मांगेली बोलीत आहे, वाडवळी बोलीत आहे. लिहून घेणाऱ्याने ती छापील मराठीत ओढू नये. आजोबा ज्या शब्दाला अडखळायचे, तिथे सांगणारी लेकही अडखळते; ते अडखळणंसुद्धा टिपायला हवं.

जिल्ह्याच्या जंगलपट्टीत तर हे टिपणं अधिकच निकडीचं. १० ऑक्टोबर १९४५ रोजी तलवाड्याला वारली आदिवासींवर गोळ्या झाडल्या गेल्या. जेठ्या गांगड आणि आणखी चौघे पडले. वेठबिगारीविरुद्धचा तो लढा गोदावरी परुळेकरांनी ‘जेव्हा माणूस जागा होतो’मध्ये लिहिला, म्हणून आपल्यापर्यंत आला. ज्या पाड्यांवर लिहिणारं कुणी पोचलं नाही, तिथलं सारं फक्त म्हाताऱ्यांच्या तोंडी आहे.

कोळगावच्या त्या प्रशस्त इमारतींत या आवाजांसाठी एक खोली राखून ठेवावी, अशी माझी जिल्हा प्रशासनाला कळकळीची विनंती आहे. पण खोलीची वाट बघत बसू नका. घरात कुणी आजी असेल, तर आजच फोनवर रेकॉर्डिंग लावून तिच्याशेजारी बसा. आधी तिचं नाव, गाव आणि तारीख सांगा, मग तिला बोलू द्या.