लाल शिक्क्याचा कागद

भाचा दोन वर्षं लंडनला शिकायला होता. परत येताना त्याने सगळ्यांसाठी काही ना काही आणलं, आणि बाबांसाठी आणला एक जुना कागद. दोन पुठ्ठ्यांच्या मध्ये जपून ठेवलेला, १८२९ सालच्या एका इंग्रजी वर्तमानपत्राचा चार पानी अंक. ‘‘आजोबा, अस्सल आहे, नक्कल नाही,’’ एवढंच तो म्हणाला. बाबांनी चष्मा पुसला, अंक हातात घेतला, आणि वाचायच्या आधी डोळे मिटून ओळींवरून बोट फिरवलं.

‘‘खिळ्यांचा छाप आहे. दाब लागतोय बोटाला.’’

बाबांचा सगळा जन्म तालुक्याच्या छापखान्यात खिळे जुळवण्यात गेला. उलटी अक्षरं ते आम्ही सुलट वाचतो त्याहून भरभर वाचत. त्यांच्या कपाटात त्यांनी स्वतः जुळवलेल्या साप्ताहिकाचे काही अंक आहेत, पन्नास-पंचावन्न वर्षांपूर्वीचे. ते आता उघडताही येत नाहीत. घडीवर हात ठेवला की वाळल्या पानासारखा चुरा पडतो. आणि हा जवळजवळ दोनशे वर्षांचा कागद मात्र धुतल्या पंच्यासारखा मऊ, चिवट, अजून पांढुरका. तेव्हाचा कागद सुती आणि तागाच्या चिंध्या कुजवून, कुटून करत. कुणाकुणाचे विटलेले सदरे, फाटक्या चादरी. लाकडाचा लगदा आला तो पुढे, एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात. कागद स्वस्त झाला आणि अल्पायुषी झाला. बाबा त्या कागदाकडे ज्या नजरेने बघत होते त्यात कौतुक होतं, थोडं दुःखही होतं.

मग त्यांना कोपऱ्यातला लाल शिक्का दिसला. त्यात राजमुकुट, आणि कराची रक्कम, चार पेनी.

या शिक्क्याने मला पुढचे कित्येक महिने झोपू दिलं नाही म्हटलं तरी चालेल. इंग्लंडच्या वृत्तपत्रांचा इतिहास मी त्याआधी वाचला होता तो संपादकांच्या आणि मालकांच्या नावांनी. हा शिक्का हाताशी आला आणि तोच इतिहास वाचकाच्या खिशातून दिसू लागला.

लंडनचं पहिलं दैनिक, डेली कूरंट, ११ मार्च १७०२ रोजी फ्लीट पुलाजवळून निघालं. काढणारी बाई होती, एलिझाबेथ मॅलेट. एकाच बाजूने छापलेला एक कागद, त्यात परदेशी पत्रांतून घेतलेल्या बातम्या, आणि वाचकाला दिलेलं एक आश्वासन: आम्ही घडलेलं सांगू, त्यावर आमचं मत सांगणार नाही, कारण विचार करण्याइतकी अक्कल लोकांना आहे. मला हे आश्वासन फार लोभस वाटतं. छापण्यासाठी आधी परवाना घ्यायचा कायदा १६९५ मध्येच संपला होता, त्यामुळे असा कागद निघू शकला. पण मोकळीक वीस वर्षंही नीट टिकली नाही. १७१२ साली राणी ॲनच्या सरकारने वर्तमानपत्रांवर मुद्रांक बसवला. अर्ध्या तावाला अर्धा पेनी, पूर्ण तावाला एक पेनी, शिवाय प्रत्येक जाहिरातीला एक शिलिंग. स्पेक्टेटरसारख्या लाडक्या पत्राला किंमत दुप्पट करावी लागली आणि त्याच वर्षाच्या अखेरीस त्याचा तो अवतार संपला. कुणाला तुरुंगात घालायला नको, छापखाना फोडायला नको. कर वाढवला की आवाज आपोआप बारीक होतो, हे सरकारच्या लक्षात आलं होतं. पुढच्या शंभर वर्षांत तो वाढत वाढत १८१५ मध्ये चार पेनींवर गेला.

शिक्का मारायची रीत मी बाबांना वाचून दाखवली. कोरे ताव आधी लंडनच्या सॉमरसेट हाउसमध्ये न्यायचे, तिथे एकेका तावावर लाल ठसा उठवून घ्यायचा, आणि मग तो कागद छापखान्यात आणून त्यावर बातम्या छापायच्या. बाबा थोडा वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, ‘‘म्हणजे बातमी घडायच्या आधीच तिचा कर भरलेला. आणि एखादा ताव छापताना फुकट गेला तर?’’ आयुष्यभर फुकट गेलेले ताव मोजणाऱ्या माणसाचा हा प्रश्न होता.

एका अंकाची किंमत सात पेनी. त्यातले चार शिक्क्याचे. त्या काळात इंग्लंडच्या शेतमजुराला आठवड्याला दहा शिलिंगच्या आसपास मिळत, म्हणजे एका अंकाला दिवसाच्या मजुरीचा तिसरा हिस्सा. साहजिकच एकेक अंक खूप हातांतून फिरे. चार-सहा जण वर्गणी काढून घेत, दारूच्या गुत्त्यात एक जण मोठ्याने वाचे आणि बाकीचे ऐकत. पूर्वी फेरीवाले तासाच्या भाड्यानेही अंक देत, तर १७८९ मध्ये भाड्याने देण्यावरच बंदी आली. आमच्या गावच्या न्हाव्याच्या दुकानात एका पेपरची पानं सुटी करून पाच माणसं वाचताना मी लहानपणी रोज पाहिली आहेत. पहिलं पान वाचणाऱ्याकडे आतलं पान मागायचं असेल तर आधी खाकरायचं, असा तिथला रिवाज. तो गुत्ता म्हणूनच मला अगदी ओळखीचा वाटतो.

यंत्राने आपलं काम केव्हाच केलं होतं. २९ नोव्हेंबर १८१४ च्या पहाटे द टाइम्सच्या हातछपाई कामगारांना परदेशी बातम्या येणार आहेत, थांबा, असं सांगून बसवून ठेवलं होतं. सहाच्या सुमाराला मालक जॉन वॉल्टर आत आले आणि म्हणाले, आजचा अंक छापून झालासुद्धा, वाफेवर. फ्रीड्रिश कोनिगचं यंत्र शेजारच्या इमारतीत गुपचूप उभं केलं होतं. हातयंत्रावर तासाला अडीचशे ताव निघत, यावर अकराशे. दंगा केलात तर बंदोबस्त तयार आहे, शांत राहिलात तर दुसरं काम मिळेपर्यंत पगार चालू राहील, असंही त्यांनी सांगितलं. बाबांच्या छापखान्यात ऑफसेट आलं तेव्हा त्यांना असं काही कुणी सांगितलं नव्हतं. एका सोमवारी खिळ्यांच्या केसेस अंगणात काढून ठेवलेल्या दिसल्या, एवढंच. ही गोष्ट मी त्यांना वाचून दाखवली नाही.

तर छापायला यंत्र होतं, वाचायला माणसं होती, आणि मध्ये तो लाल ठसा. ऑगस्ट १८१९ मध्ये मँचेस्टरच्या सेंट पीटर्स मैदानात मताधिकार मागायला जमलेल्या निःशस्त्र लोकांवर घोडदळ घातलं गेलं. त्या वर्षाच्या अखेरीला जे कडक कायदे आले, त्यांतल्या एकाने स्वस्त राजकीय पत्रकांनाही मुद्रांकाखाली ओढलं. विल्यम कॉबेट बातमी वगळून नुसते विचार छापत आणि दोन पेनींत विकत. ती पळवाट बुजली.

मग १८३१ मध्ये हेन्री हेदरिंग्टन नावाच्या मुद्रकाने पुअर मॅन्स गार्डियन काढलं. किंमत एक पेनी, शिक्का नाही. शिक्क्याच्या जागी त्याने छापखान्याचं चित्र टाकलं आणि हे पत्र कायद्याविरुद्ध प्रसिद्ध होत आहे असं शीर्षकाखालीच जाहीर केलं. तो स्वतः अनेकदा तुरुंगात गेला. पण माझं मन अडकतं ते विकणाऱ्यांपाशी. शेकडो फेरीवाले, बेकार विणकर, मोची या पेनीच्या कागदासाठी तुरुंगात गेले. त्यांतला एक जोसेफ स्वान, मॅकल्सफील्डचा टोप्या करणारा. याआधीही छापील कागद विकल्याबद्दल त्याने साडेचार वर्षं तुरुंगात काढली होती. पुन्हा न्यायाधीशांसमोर उभा राहिला तेव्हा का विकतोस या प्रश्नाला त्याने सरळ उत्तर दिलं: काम नाही, घरची माणसं उपाशी आहेत, आणि त्याहून मोठं कारण म्हणजे माझ्या देशबांधवांचं भलं व्हावं म्हणून. तीन महिन्यांची शिक्षा झाली. तेव्हा तो म्हणाला, सुटून आलो की पुन्हा विकणार, आणि पहिला अंक तुमच्याच दारात घेऊन येणार.

मला त्या माणसाचे हात बघायला मिळायला हवे होते. ज्या दिवसांत इंग्लंडात हे चाललं होतं, त्याच हिवाळ्यात ६ जानेवारी १८३२ रोजी मुंबईत बाळशास्त्री जांभेकरांनी दर्पणचा पहिला अंक काढला, एका स्तंभात इंग्रजी, शेजारच्या स्तंभात मराठी. स्वानला दर्पणची वार्ता असणं शक्य नाही. पण माझ्या मनात ते दोन कागद एकाच टेबलावर पडलेले असतात.

१८३६ मध्ये कर एक पेनीवर आला, बिनशिक्क्याच्या पत्रांवरची कारवाई मात्र आणखी कडक झाली, आणि ती पत्रं संपली. १८५५ मध्ये सक्तीचा मुद्रांक गेला. त्याच उन्हाळ्यात डेली टेलिग्राफ निघालं आणि काही महिन्यांतच एका पेनीला मिळू लागलं. कागदावरचा कर १८६१ मध्ये गेला. पुढे १८९६ मध्ये डेली मेल अर्ध्या पेनीला आलं आणि लाखांनी खपलं. स्वानने जे मागितलं होतं तेच या लाखांना मिळालं का, हा प्रश्न मी अनेक रात्री उलटसुलट केला आहे, आणि माझं उत्तर दर वेळी निराळं येतं.

शिक्क्याचं एक वागणं मात्र प्रेमळ होतं. ज्या अंकावर तो असे, तो टपालाने फुकट जाई, एकदा वाचून झाल्यावर पुढे धाडला तरीही. पत्र पाठवणं तेव्हा महाग. पेनीचं टपाल १८४० मध्ये आलं, त्याआधी अंतर आणि कागद मोजून पैसे पडत, आणि ते बहुधा घेणाऱ्यालाच द्यावे लागत. म्हणून लोक जुन्या वर्तमानपत्रातल्या अक्षरांखाली टाचणीने बारीक भोकं पाडत. अक्षरामागून अक्षर जुळवलं की निरोप तयार. खुशाली, बाळंतपण, कधी येशील, सगळं सरकारी शिक्क्याखालून बिनबोभाट पोचे.

हे ऐकल्यावर बाबा इतक्या दिवसांत पहिल्यांदा हसले. ‘‘म्हणजे त्यांनी पण खिळेच जुळवले की,’’ म्हणाले, आणि लगेच उठले. दुपारचं ऊन खिडकीवर होतं. मी अंकाची वरची दोन टोकं धरली, भाच्याने खालची, आणि आम्ही कागद काचेला लावला. बाबा जवळ सरकून एकेक ओळ बघू लागले. पहिलं पान झालं, दुसरं झालं. तिसऱ्या पानावर, घोडागाड्यांच्या वेळापत्रकात, एका अक्षराखाली उजेडाचा एवढासा ठिपका दिसला.

‘‘कसरीचं भोक असेल,’’ ते म्हणाले. पण बोट तिथेच ठेवून ते पुढचा ठिपका शोधू लागले.