पहिल्या मिनिटातला हशा

पहिल्या मिनिटात हशा यायला हवा, असं मला सांगितलं गेलं. कशावर, ते कुणी सांगितलं नाही.

मी जुळे सोलापुरात राहतो आणि टीव्हीवरच्या विनोदी कार्यक्रमांसाठी लिहायला शिकतोय. या कामात शिरायचं कुठून, हेच आधी कळत नाही. ओळखीतून एखादा नंबर मिळतो. दोन-चार ओळींची वनलाइन पाठवायची, ती पसंत पडली तर संवादांसह स्किट लिहायचं. मग तालमीत नट काही वाढवतात, काही गाळतात. पडद्यावर दिसतं त्यातलं लेखकाचं किती, हे मला अजून उमगलेलं नाही. ‘महाराष्ट्राची हास्यजत्रा’मध्ये समीर चौघुले, प्रसाद खांडेकर स्वतः लिहितात आणि स्वतःच उभे राहतात. नट कुठे थांबेल, कुठे वळून बघेल, हे त्यांना लिहितानाच दिसत असणार. मला ते कागदावर कसं दिसायचं?

म्हणून जुनं बघायला घेतलं. चिमणराव दूरदर्शनवर आले १९७०च्या दशकात, त्यांना लिहिणारे चि. वि. जोशी तर १९६३ सालीच गेले होते. २००१ साली सुरू झालेल्या ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’तले आबाही आधी दिलीप प्रभावळकरांच्या ‘अनुदिनी’त होते. दोन्ही माणसं टीव्हीवर यायच्या आधी कागदावर नांदली होती. (आणि दोन्ही भूमिका प्रभावळकरांनीच केल्या, याचं मला फार अप्रूप वाटतं.) आबा काय बोलतील ते आपल्याला आधीच ठाऊक असतं, आणि ते तसंच बोलले की हसू येतं. स्किटमध्ये इतकी ओळख दहा-बारा मिनिटांत करून द्यायची. कशी?

माझ्या स्किटमध्ये गिरणीतून निवृत्त झालेले एक काका आहेत. गिरणी कधीच बंद पडली, पण भोंग्याची सवय सुटलेली नाही. सोलापुरात नळाला पाणी रोज येत नाही, काही दिवसांआड येतं. ते आलं की काका शिट्टी फुंकून अख्खी अपार्टमेंट पाळीवर लावतात. कोण आधी, कोण नंतर, सगळं वहीत. पाणी जातं तेव्हा काकांचीच टाकी रिकामी असते.

वनलाइन आवडली. पण पुढे निरोप आला, भाषा अजून गावठी करा, लोक हसतील. इथे मी अडलोय. आमच्याकडे मराठीला शेजारी कन्नड आहे, तेलुगू आहे. ‘काय करायलास बे?’ हे आमचं रोजचं बोलणं. काका तसंच बोलणार, पण हशा त्यांच्या वहीवर यायला हवा. नुसत्या ‘बे’वर प्रेक्षक हसले तर ते काकांना हसले, आणि तसं मी लिहिणार नाही.

स्किट पुन्हा लिहायला घेतलंय. पहिल्याच मिनिटात तिसऱ्या मजल्यावरच्या काकू वही मागायला येतात. काका ती देत नाहीत.