वळून पाहणारा माणूस

गेल्या हिवाळ्यात एका रात्री, मुले झोपल्यावर, आम्ही दोघांनी रॉय अँडरसन यांचा १९९१ सालचा एक स्वीडिश लघुपट पाहिला. जेमतेम पंधरा मिनिटांचा. 'रम्य आहे ही धरा' अशा अर्थाचे त्याचे नाव एका स्तोत्रावरून घेतलेले आहे. ते स्तोत्र येथे नाताळात गातात, तसेच अंत्यविधीलाही.

पहिल्याच दृश्यात नग्न माणसांना एका बंद ट्रकमध्ये कोंबले जाते. ट्रकच्या धुराची नळी आतच सोडली जाते आणि ट्रक मैदानात गोल गोल फिरू लागतो. नीटनेटक्या कपड्यांतील माणसे उभी राहून पाहतात. कोणी काही बोलत नाही. त्यांतला एक जण तेवढा मागे वळून आपल्याकडे पाहतो.

पुढे हाच गृहस्थ आपल्या आयुष्याची ओळख करून देतो: आई, भाऊ, वडिलांची कबर, घरांच्या दलालीचा व्यवसाय. सारे चेहरे खडूसारखे पांढरे, कॅमेरा जागचा हलत नाही. चर्चमध्ये प्रसादाच्या द्राक्षारसाचा चषक तो ओठांपासून सोडेचना, तेव्हा आम्ही मोठ्याने हसलो. शेवटी रात्री त्याला किंकाळ्या ऐकू येतात. पत्नीला काहीच ऐकू येत नाही. त्याने झोपावे, उद्या काम आहे, एवढेच तिचे म्हणणे. तेथे मात्र आमचे हसू विरले.

अशा कथांत आपली जागा ट्रकच्या आत, असे आम्ही आजवर गृहीत धरले होते. आपला इतिहासच तसा आहे. पण त्या रात्री आम्हाला एका परिचितांकडचे रविवारचे जेवण आठवले. नुकत्याच आलेल्या आपल्यातल्याच एका विद्यार्थ्याला तेथे आधी आडनाव विचारले गेले, मग जिल्हा, आणि मग हसत हसत, "प्रवेश कोट्यातून का?" त्या मुलाने आमच्याकडे पाहिले. आम्ही वरणाची वाटी पुढे सरकवली. यजमानांपैकी एक जण कार्यालयात आमच्याच विभागात होते. सोमवारी त्यांच्यासोबत बैठक होती.

लघुपट संपल्यावर आम्ही बराच वेळ दिवा लावला नाही. दुसऱ्या दिवशी त्या मुलाला फोन केला आणि आमचे चुकले, असे सांगितले. तो क्षणभर थांबून म्हणाला, "दादा, मला वाटलं होतं तुम्ही ऐकलंच नाही."

आम्ही ऐकले होते.