बिलाविना आलेला माल

वरसाव्याच्या नाक्याजवळ आमचे हार्डवेअरचे छोटे दुकान आहे. काही महिन्यांपूर्वी एक अनोळखी माणूस पितळी नळांचा खोका घेऊन आला. भाव बाजाराच्या निम्मा. बिल मागताच तो रस्त्याकडे पाहू लागला. मी माल परत केला आणि शेजारी उभ्या असलेल्या मुलाला म्हणालो, "चोरी दुसऱ्याने केली, तरी माल घेणाऱ्याला दोष लागतोच."

त्याच रात्री घरी आम्ही सारे नवा चित्रपट पाहत होतो. मुलाने तो एका चोरट्या संकेतस्थळावरून उतरवला होता. मध्येच पडद्यावर कोणाचे तरी डोके आडवे गेले, चित्रपटगृहातील प्रेक्षकांचे हसू ऐकू आले. मुलगा सहज म्हणाला, "पप्पा, याचेही बिल नाही." मी निरुत्तर झालो.

मोह खरा आहे. दुकान रात्री नऊला बंद होते. त्यानंतर पाच तिकिटांचा खर्च आणि घोडबंदर रस्त्यावरची कोंडी नकोशी वाटते. घरी बोटाच्या स्पर्शाने सारे फुकट मिळते. परंतु फुकटाची वसुली निराळ्या वाटेने होते. अशा संकेतस्थळांवर डाउनलोडची खोटी बटणे असतात. त्यांतून घातक प्रोग्राम आत शिरतात. मुलाने चित्रपट दुकानाच्याच संगणकावर उतरवला होता. आठवड्याभरात तो संगणक बंद पडला. तीन महिन्यांच्या नोंदी कागदी बिले शोधून पुन्हा भराव्या लागल्या.

हे आमचे नुकसान झाले. निर्मात्याचे त्याहून मोठे असते. २०१६ मध्ये 'सैराट'सारख्या लोकप्रिय चित्रपटाच्याही चोरट्या प्रती पसरल्या होत्या. तो चित्रपट तरला; लहान मराठी चित्रपटाला मात्र पहिल्या आठवड्याचा गल्लाच आधार असतो. २०२३ च्या कायदादुरुस्तीनुसार चित्रपटाचे चोरटे चित्रण वा प्रसारण करणाऱ्यास तीन महिने ते तीन वर्षे कारावास आणि किमान तीन लाख रुपये दंड आहे.

पाहणाऱ्याचे काय? तत्त्वार्थसूत्रात अचौर्याणुव्रताचे पाच अतिचार सांगितले आहेत. त्यांतील 'तदाहृतादान' म्हणजे चोरून आणलेली वस्तू स्वीकारणे. नळांच्या बाबतीत मला ते तत्काळ आठवले. चित्रपटाच्या बाबतीत मुलाने आठवण करून दिली.

पुढच्या रविवारी आम्ही तोच चित्रपट चित्रपटगृहात जाऊन पाहिला. शेवट सर्वांना ठाऊक होता. तिकिटे मुलाच्या हाती देत मी म्हणालो, "हे घे बिल."