वेरूळचं चालतं गाव

वेरूळ म्हटलं की तुमच्या-माझ्या डोळ्यांपुढे काय येतं? कैलास लेणं, अंगणातला दगडी हत्ती, गाइडची न थांबणारी टेप आणि फोटोसाठी लागलेली रांग. आठव्या शतकात, राष्ट्रकूट राजा पहिला कृष्ण याच्या काळात एकाच कातळातून कळसाकडून पायाकडे कोरत आणलेलं देऊळ! हलायचा प्रश्नच नाही. दर अकरा महिन्यांनी भाड्याचा फ्लॅट आणि दोन वर्षांनी कंपनी बदलणाऱ्या आपल्यासारख्यांना त्याचं अप्रूप वाटणारच.

पण याच वेरुळात हिवाळ्यात एक गाव असंही भेटतं, जे नकाशावर सापडत नाही. कारण ते चालतं. मेंढरं, घोडी, कुत्री, कोंबड्या, पोरंबाळं असा सगळा संसार घेऊन. धनगरांचा वाडा म्हणतात त्याला. वाडा म्हणजे चिरेबंदी वगैरे नव्हे हं. एकत्र फिरणाऱ्या कुटुंबांचा तांडा म्हणजे वाडा.

बेभरवशाचा मुलूख

वेरूळचा डोंगर म्हणजे साधारण 6 कोटी 60 लाख वर्षांपूर्वी थरावर थर साचत गेलेला लाव्हा. खाली कोरायला झक्कास बसाल्ट, वर मात्र पातळ मुरमाड माती. ऑगस्टमध्ये 29 नंबरच्या लेण्याशेजारी धबधबा कोसळत असतो. एप्रिलमध्ये त्याच जागी कोरडा कातळ. पाऊस चार महिन्यांत उरकणार, तोही मनात आलं तर. 1972 आणि 2015 ही साल मराठवाड्यात कुणाला समजावून सांगावी लागत नाहीत.

अशा मुलखात गवत कुठे उगवेल, हे दर वर्षी बदलतं. मग गवतावर जगणाऱ्यानं काय करायचं? उत्तर सोपं आहे. गवत जिथे, आपण तिथे.

गेल्या डिसेंबरात लेणी बघून खुलताबादकडे निघालो, तर रस्त्यालगतच्या कापूस वेचून झालेल्या रानात एक वाडा उतरलेला दिसला. गाडी बाजूला घेतली. दीडेकशे काळी मेंढरं, कडेला वाघर, म्हणजे रात्री मेंढरं कोंडायचं जाळीचं कुंपण. पालाबाहेर तीन दगडांच्या चुलीवर एक मावशी भाकरी थापत होत्या.

"बाबा, इथे किती दिवस मुक्काम?" मी घोंगडी पांघरून बसलेल्या म्हाताऱ्यांना विचारलं.

"रान हाय तवर."

"आणि मग?"

"मग फुडं. दोघं गेल्यात रान बघाया."

आपण ज्याला प्लॅनिंग म्हणतो ना, ते इतकंच! दोघांनी पुढे जायचं, चारा-पाणी बघायचं, शेतकऱ्याशी बोलून यायचं. शेतकऱ्याशी होणारा सौदाही मस्त असतो. मेंढरं रात्री त्याच्या रानात बसवायची. लेंड्या आणि मुताचं खत जमिनीला, बदल्यात धनगराला धान्य किंवा पैसे. शेतकऱ्याचं रान खतावतं, मेंढरांना उरलेला पाला मिळतो. ना ट्रक, ना गोणी.

हिरवळ आहे, पण...

आपल्याला वाटतं, धनगराला उन्हाळा जड जात असणार. जातोच. पण पावसाळाही तितकाच अवघड, असं बाबा म्हणाले. चक्रावलात ना? सगळीकडे हिरवं असतं, पण ते हिरवं म्हणजे कुणाचं तरी उभं पीक. वनखात्याची लागवड असेल तिथे चराईबंदी. गावची गायरानं अतिक्रमणांनी आक्रसलेली. शिवाय भिजलेल्या मेंढरांची आजारपणं वेगळीच. आता तर अवकाळी पाऊस आणि गारपीट भर फेब्रुवारी-मार्चमध्येही गाठते. पालाखाली माणसं मावतात, दीडशे मेंढरं कुठे लपवणार?

वरून विहिरी आणि ठिबक आल्यापासून रानं मोकळी राहण्याचे दिवसच कमी झाले. एक पीक निघालं की लगेच दुसरं. शेतकऱ्याचं त्यात चुकत नाही. पण चालत्या गावाची वाट मात्र अरुंद होत हायवेवर येऊन ठेपते, ट्रक आणि टुरिस्ट गाड्यांच्या मधोमध.

दगडाला मान, वाटेला?

एक गंमत सांगतो. लेण्यांपासून जवळच असलेलं घृष्णेश्वराचं लाल दगडी देऊळ तुम्ही पाहिलं असेलच. अठराव्या शतकात त्याचा जीर्णोद्धार केला अहिल्याबाई होळकरांनी. होळकर घराणं धनगरांचं. म्हणजे वेरूळच्या सगळ्यात गजबजलेल्या देवळामागे मेंढरांमागे चालणाऱ्या समाजाचीच एक लेक उभी आहे.

युनेस्कोनं वेरूळला 1983 मध्ये जागतिक वारसा ठरवलं. त्याच युनेस्कोनं 2019 मध्ये ऑस्ट्रिया, ग्रीस आणि इटलीमधल्या मेंढपाळांच्या हंगामी स्थलांतरालाही मानवतेचा अमूर्त वारसा म्हणून मान दिला. 2023 मध्ये त्या यादीत स्पेनसह आणखी सात देश आले. स्पेनमध्ये तर जुन्या मेंढवाटांना 1995 च्या कायद्यानं संरक्षण आहे, आणि दर वर्षी एक दिवस माद्रिदच्या ऐन मध्यातून मेंढरं चालत जातात. ट्रॅफिक थांबतो, लोक टाळ्या वाजवतात! संयुक्त राष्ट्रांनीही 2026 हे कुरणं आणि पशुपालकांचं आंतरराष्ट्रीय वर्ष ठरवलंय.

आपल्याकडे 2017 पासून महामेष योजनेत मेंढ्या घ्यायला अनुदान आहे. चांगलंच आहे. पण घेतलेल्या मेंढ्या चालणार कुठून?

निघताना बाबांना विचारलं, "पोरं पुढे हेच करणार का?" त्यांनी पालाशेजारी मोबाइल बघत बसलेल्या नातवाकडे हनुवटी उडवली. "त्याला इचारा." नातू हसला. म्हणाला, "वाट ऱ्हायली तर."

जाताय? मग हे लक्षात ठेवा

लेणी मंगळवारी बंद असतात. शहरापासून अंतर साधारण 30 किलोमीटर. पावसाळ्यात गेलात तर धबधबा, दिवाळीनंतर गेलात तर वाडा भेटण्याची शक्यता. फोटो काढायचा तर आधी विचारा. आणि घाटात मेंढरं आडवी आली तर हॉर्न वाजवू नका, कळप बुजतो आणि कोकरं गाडीखाली येतात. इंजिन बंद करा, पाच मिनिटं थांबा. कैलासपुढच्या रांगेत आपण त्याहून जास्त वेळ थांबतोच की!