वाट मोकळी करणारे

गुडघेरोपणाच्या शस्त्रक्रियेला चार महिने उलटले, तरी माझ्या पत्नीच्या मनातील भीती गेली नव्हती. एकदा स्नानगृहात तिचा पाय घसरला. इजा झाली नाही. पण त्या दिवसापासून ती माझा हात सोडीना, आणि खरे सांगायचे तर मीही तिचा हात सोडीत नव्हतो. पाणी मी आणून देई, चपलाही मीच पायांत सरकवी. यालाच मी सेवा समजत होतो. अशा अवस्थेत २०२३ च्या सप्टेंबरात आम्ही पुण्याहून लेकीकडे, अमेरिकेतील मिशिगन राज्यातल्या अ‍ॅन आर्बरला गेलो.

हे विद्यापीठाचे गाव. तेथील क्रीडागारात एक लाखाहून अधिक प्रेक्षक बसतात. सामन्याच्या शनिवारी सारे गाव निळ्या-पिवळ्या वेशात तिकडे लोटते. आम्ही दोघे नातवासह दूरचित्रवाणीसमोर बसू लागलो. अमेरिकन फुटबॉल हा चेंडू हाती घेऊन धावण्याचा, धडकांचा खेळ. चार प्रयत्नांत दहा यार्ड, म्हणजे सुमारे नऊ मीटर, पुढे सरकायचे. तेवढे साधले की पुन्हा चार प्रयत्न मिळतात, असे नातवाने समजावले.

मिशिगनचा ब्लेक कोरम धावू लागला की पत्नी सावरून बसे. आदल्या नोव्हेंबरात त्याच्या गुडघ्याला दुखापत होऊन शस्त्रक्रिया झाली होती. “यालाही गुडघ्यानेच छळले म्हणायचे!” ती म्हणाली. तरुण खेळाडूची दुखापत आणि आपले गुडघेरोपण यांची बरोबरी होत नाही. पण मांडीचे स्नायू चिकाटीने पुन्हा बळकट करणे दोघांनाही चुकत नाही.

माझे लक्ष मात्र कोरमच्या पुढे उभ्या राहणाऱ्या पाच धिप्पाड गड्यांकडे जाई. चेंडू घेऊन धावणे हे त्यांचे काम नव्हे. ते समोरच्यांना थोपवून वाट मोकळी करतात. धावतो तो दुसरा. ११ नोव्हेंबरला पेन स्टेटविरुद्ध उत्तरार्धात मिशिगनने जवळजवळ प्रत्येक वेळी धावण्याचाच मार्ग पत्करला आणि सामना २४-१५ असा जिंकला. तो पाहताना मनात आले, मी वाट मोकळी करीत नव्हतो. पत्नीच्या वाट्याचे चालणेच हिरावून घेत होतो.

दुसऱ्याच दिवशी चालण्याच्या वाटेतील गालिचे उचलले. जावयाने स्नानगृहात आधाराची दांडी बसवली. पुण्याच्या फिजिओथेरपिस्ट बाईंना विचारून रोजचा व्यायाम आणि चालण्याची मर्यादा ठरवून घेतली. मी तिच्यामागे दोन पावलांवर उभा राहिलो. नातू मोजू लागला. पहिल्या दिवशी दहा पावले झाली.

२५ नोव्हेंबरच्या ओहायो स्टेटविरुद्धच्या सामन्यात त्या पाचांपैकी झॅक झिंटरचा पाय मोडला. त्याला मैदानाबाहेर नेले, रिकामी जागा भरली गेली आणि लगेचच कोरमने २२ यार्ड धावून चेंडू पार नेला. लेक माझ्याकडे वळून म्हणाली, “बाबा, तुमच्या जागी कोण आहे?” माझी पाठ महिनोन् महिने दुखत होती, रात्री झोप नव्हती, हे मी कोणालाच सांगितले नव्हते. त्यानंतर दर शनिवार-रविवारची जबाबदारी लेकीने घेतली आणि मी एकटाच फिरायला जाऊ लागलो. शुश्रूषा करणाऱ्यालाही बदली लागते, हे मी पंचाहत्तरीच्या उंबरठ्यावर शिकलो.

८ जानेवारी २०२४ रोजी ह्यूस्टनला मिशिगनने वॉशिंग्टनवर ३४-१३ अशी मात करून राष्ट्रीय अजिंक्यपद मिळवले. मोसमातील पंधराही सामने त्यांनी जिंकले होते. रात्रीचे अकरा वाजून गेले होते. नातू आनंदाने नाचत होता. पत्नी खुर्चीचे हात धरून उठली.

“अहो, तुम्हांला पाणी आणू का?” तिने विचारले.

मी पटकन उठणार होतो. पण बसून राहिलो, आणि “आण” म्हणालो.